चित्राहुतीची मुंगी

दत्ता खांबेटे कार्ल्सरूहेत माझ्याबरोबर पीएच.डी. करत होता. माणूस महाहट्टी. जर्मनीतही जमिनीवर मांडी घालून, ताटाबाहेर चित्राहुतीची शितं ठेवूनच जेवायचा.

बासष्टच्या सप्टेंबरात आम्ही सहाजण एका वाटाड्याबरोबर आयफेलच्या डोंगराळ भागातल्या विझलेल्या ज्वालामुखीवर गेलो. एका खळग्यात वाटाड्याने पेटती काडी गवताजवळ नेली. ती फट्‌कन विझली. "जमिनीतून वायू येतो, जड असतो, तळाशी साचतो. इथे बसायचं नाही," तो म्हणाला.

वर बोचरा वारा होता. सगळे उभ्यानेच पाव खाऊ लागले. "उभ्याने खायला मी काय घोडा आहे? आणि एवढ्या वाऱ्यात कसला वायू टिकतोय!" असं म्हणत दत्ता आडोशाला त्याच खळग्यात उतरला. त्याने डबा उघडला, शितं ठेवली. मी ओरडलो, "गाढवा, वर ये!" त्याने नुसता हात हलवला. मग डुलकी लागल्यासारखी त्याची मान छातीवर कलली. वाटाड्याने श्वास रोखून खाली धाव घेतली आणि त्याला बखोटीला धरून ओढत वर आणलं.

शुद्धीवर आल्यावर तो एवढंच बोलला, "शितांना एकही मुंगी आली नाही रे."

पुढे पुण्याला परतल्यावरही पहिली मुंगी आल्याशिवाय तो घास घेत नसे. मी हसायचो. अडुसष्टच्या मे महिन्यात त्याच्याकडे जेवायला बसलो होतो. भात गार झाला, तरी मुंगी येईना. दत्ताने माझं मनगट धरलं.

"ऊठ," तो म्हणाला.

मी निमूटपणे उठलो.