मामेसासऱ्यांची जागा

सरकारला दमवणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आणि ते म्हणजे आमचे मामेसासरे. आपण कचेरीच्या पायऱ्या चढतानाच निम्मे हरलेले असतो. हे मात्र धुतलेलं धोतर नेसून सोयरिकीला निघाल्यासारखे निघायचे. मागणंही केवढं? आम्हा लिंगायतांत मेलेल्या माणसाला जाळत नाहीत, मांडी घालून बसवून पुरतात. त्यांच्या गावातल्या पाच-सात लिंगायत घरांना त्यासाठी वीतभर जागा नव्हती. मामींना पुरलं होतं दुसऱ्याच्या बांधावर. पुढे ते शेत विकलं गेलं आणि नव्या मालकाने बांध मोडून नांगर घातला. मामा दुसऱ्या दिवशी कचेरीत जाऊन पुरायच्या जागेसाठी अर्ज देऊन आले.

तेव्हापासून त्यांना दुसरा विषय उरला नाही. नातीसाठी सेलूला स्थळ बघायला गेलो, तर पोरगा काय करतो हे विचारायच्या आधी यांनी व्याह्यांना विचारलं, "तुमच्या गावात पुरायला जागा हाय का?" आहे म्हटल्यावर पत्रिका न बघताच होकार देऊन मोकळे झाले.

कचेरीत साहेब बदलत गेले आणि प्रत्येक नवा साहेब पहिल्यापासून सुरुवात करायचा. एका तरुण साहेबाने तर, गावात स्मशान असताना वेगळी जागा कशाला, असंच विचारलं. माणसाला कसं बसवतात ते दाखवावं म्हणून मामांनी तिथेच फरशीवर पद्मासन घातलं, डाव्या तळहातावर गळ्यातलं इष्टलिंग घेतलं आणि डोळे मिटले. कचेरीला वाटलं, म्हातारा उपोषणाला बसला. एकच पळापळ झाली. कुणी पोलिसांना फोन लावला, कुणी लिंबू सरबत आणलं. मामांनी सावकाश डोळे उघडले, आयतं आलेलं सरबत पिऊन टाकलं आणि म्हणाले, "बसल्या माणसाला येवढीच लागती, साहेब. जास्तीची न्हाई मागत."

इतकी वर्षं न सापडलेली गायरानाची जमीन आठवडाभरात सापडली.

मोजणीच्या दिवशी मामांनी त्या जागेच्या एका कोपऱ्यात मांडी घालून बसून पाहिलं, ऊन लागतंय म्हणाले आणि तिथे कडुलिंबाचं रोप लावलं. आता सुटलात, असं मी म्हटलं, तर म्हणाले, "सावली पडल्याबिगर मी जात नसतो." भर उन्हाळ्यात रोज घागर घेऊन ते त्या माळावर जायचे. देवळात मी सवयीने हात जोडतो. या माणसापुढे ते आपोआप जोडले जातात.

मामांना आता नीट दिसत नाही. परवा मीच त्यांचा हात धरून तिकडे नेलं. बुंध्यावरून हात फिरवत त्यांनी विचारलं, "जावईबापू, पडायली का सावली?"

बसत्या माणसापुरती सावली पडली होती.

"अजून कुठं, मामा," मी म्हणालो, आणि घागर उचलून पाणी आणायला गेलो.