भूमितीच्या बाईंचे बंध

"हात लावू नका, जागा हाय तो अजून!"

फळ्याजवळ कुणी गेलं की आमच्या भूमितीच्या बाई असं ओरडायच्या आणि खडूनं भरलेली बोटं पदराला पुसायच्या. पोरं जागच्या जागी थिजायची. खरं सांगते, मीही थिजायचे. मग मनातल्या मनात चरफडायचे, कारण तो 'जागा' असलेला प्रकार मुळात माझ्या डोक्यातून निघाला होता.

अशा बाई तुम्हीही पाहिल्या असतील. ठेंगण्या, आवाज खणखणीत, चष्म्याची काडी दोऱ्यानं बांधलेली, औरंगाबादेत इतकी वर्षं काढूनही बोलणं अस्सल गावाकडचं. पोलीस अ‍ॅक्शननंतर निजामाची सत्ता गेली आणि आमच्याकडं मराठी शाळा निघाल्या, त्यातल्याच एका शाळेत आम्ही दोघी होतो. त्या भूमिती शिकवायच्या, मी मराठी. शनिवारचा शेवटचा तास माझा असायचा आणि त्या तासाला मी पोरांना नीलखंडाची गोष्ट सांगायचे.

नीलखंड म्हणजे मी रचलेलं जग. तिथं तलवारी नाहीत, बंदुका नाहीत. तिथली माणसं जमिनीवर आकृत्या काढतात, त्यांना बंध म्हणतात; काढला की बंध जागा होतो. एका बंधातून जाळ उठतो. एकात उभं राहिलं की माणूस स्वतःचं नाव विसरतो. एक पुसला गेला तर नदी उलटी फिरते आणि गाव बुडतं. साळू नावाची मेंढपाळाची पोर या सगळ्यातून वाट काढत जाते.

कुठून बुद्धी सुचली कुणास ठाऊक, एका शनिवारी मी बाईंना वर्गात बोलावलं. म्हटलं, "एवढा एक बंध काढून द्या ना, बाई. माझ्या हातून धड गोलसुद्धा येत नाही."

"त्यात काय मोठं! आणा खडू."

कंपास नाही, दोरी नाही, हात एकदा फिरला आणि गोल तयार. गोलात त्रिकोण, त्रिकोणात पाकळ्या, आणि मधोमध थोडी मोकळी जागा, तिच्याकडं बघवेना अशी. वर्ग चिडीचूप. मी कितीतरी महिने घसा कोरडा करत होते, एवढी शांतता मला कधी मिळाली नव्हती. माझ्या पोटात दुखायला लागलं ते तिथून.

त्यानंतर पोरं "पुढं काय झालं?" विचारीनात. "आज बाई येणार ना?" एवढंच विचारायची. मी काय तिथं फळा धरायला उभी होते?

एकदा तर हद्द झाली. तपासणीला साहेब यायचे होते आणि फळ्यावर शनिवारचा बंध तसाच. पुसायला एक पोर तयार होईना. शेवटी पोरांनी त्याच्यावर मराठवाड्याचा नकाशा टांगला. साहेबांनी आल्या आल्या नकाशा उचलला, खालचं बघितलं आणि सवयीनं डस्टर घेतलं.

"साहेब, गाव बुडंल!" सगळा वर्ग एकदम किंचाळला.

साहेबांचा हात वरच्या वर राहिला. "राहू द्या, राहू द्या," म्हणत त्यांनी डस्टर खाली ठेवलं आणि विचारलं, "हे काढलं कुणी?" गाव बुडवणारं डोकं कुणाचं, हे काही त्यांनी विचारलं नाही. अंगाचा नुसता तिळपापड झाला माझ्या.

पुढच्या शनिवारी मी नीलखंडात महापूर आणला आणि सगळे बंध धुऊन टाकले. बसा आता, म्हटलं. बाई मागं उभ्या राहून ऐकत होत्या. पुढं आल्या आणि त्यांनी पुराचाच बंध काढला! लाटेत लाट, लाटेत लाट. पोरांनी बाक बडवून वर्ग डोक्यावर घेतला.

अशात संस्थेनं बाईंची बदली सिल्लोडला केली. खोटं कशाला बोलू, मी घरी जाताना पेढे नेले. पण जायच्या आधीच्या शनिवारी बाईंनी चौकोनात चौकोन असा एक बंध काढला होता आणि मी साळूला त्यात सोडून दिलं होतं. चालत राहायचं, बाहेर यायचंच नाही, असा तो बंध. काढणारीला वाट ठाऊक असणारच, या भरवशावर मी निर्धास्त होते. तेवढ्यात घंटा झाली होती.

बाई गेल्यावर मी साळूला बाहेर काढायला बघितलं. कधी पक्षी आणला, कधी भुयार. पोरं मान हलवायची. "ही वाट खरी नाय, बाई. तुम्ही त्यांना विचारून या." म्हणजे माझ्याच गोष्टीचं पुढचं मी बाईंना विचारायचं! दोन शनिवार मी घुश्शात गोष्टच सांगितली नाही. पोरांचं काही अडलं नाही, ती खुशाल पाढे म्हणत बसली. तेव्हा मात्र मी घाबरले, आणि मुकाट्यानं सिल्लोडची एस.टी. धरली.

शाळेच्या व्हरांड्यातच बाईंचा आवाज आला. वर्गात नीलखंड चाललं होतं. माझे शब्द, माझी साळू! सांगत होत्या वाईट, मागचं पुढं, पुढचं मागं. फळ्यावर एक रेघसुद्धा नव्हती. तरी पोरं तोंडाकडं बघत होती.

"आणि साळू आत अडकली," बाई म्हणाल्या. "चौकोन काढले मीच, पण तिला भाईर काढायचं मला येत नाय, पोरांनो. ते औरंगाबादच्या आमच्या बाईंनाच येतं. लई झ्याक सांगतात. त्या सांगाया लागल्या की मी आपली बघत बसायची."

एवढ्यात त्यांनी मला दारात पाहिलं. "अगं बया! ह्या काय, आल्याच की!" म्हणाल्या आणि लगबगीनं जाऊन मागच्या बाकावर पोरांत बसल्या. "हं, सांगा."

विचारायला आलेली मी. काय सांगणार? पण तोंड उघडलं. साळू चालायची थांबली, म्हटलं. तिनं मोठ्यानं हाक मारली. बंधाच्या बाहेरून कुणीतरी ओ दिली, आणि ती ओ ऐकत ऐकत साळू बाहेर आली.

बाई ऐकत होत्या, शेजारच्या पोरासारखा तोंडाचा आ करून. घड्याळाकडं, माझ्या साडीकडं, कशाकडंच त्यांचं लक्ष नव्हतं.

यंदा त्या वारल्या. त्यांनी एवढे बंध काढले, पण त्यातल्या एकाकडंही असं तोंड उघडं टाकून मला बघता आलं नाही. त्यांना माझ्या गोष्टीकडं बघता आलं. त्याचा हेवा मला आजही वाटतो.