टाकी धुतली तेव्हापासून

आमचे हे कॉफी मशीनचे नावाजलेले मेकॅनिक, पण एका जागी बसतील तर शपथ! लग्नाला सव्वीस वर्षं झाली, अजून उभ्यानंच जेवतात. परवा लेकीच्या घरचं कॅप्सूलचं मशीन नुसतं घरघरायला लागलं, कपात थेंब पडेना.

"मी टाकी धुतली ना, तेव्हापासून..." मी सांगायला लागले.

"तू मध्ये बोलू नकोस!"

यांनी पंप काढला, कॅप्सूलला भोक पाडणारी सुई साफ केली, नळ्यांत फुंकर मारली, सगळं परत जोडलं. तरी पाणी नाहीच. शेवटी मला राहवेना. मशीनमागची पाण्याची टाकी नीट बसलीच नव्हती. मी वरून दाबली, टक्क वाजलं आणि धार सुरू झाली.

"मग आधी का नाही सांगितलंस?" असं विचारून, उत्तराला न थांबता, हे चपला घालून पुढच्या कामाला निघालेसुद्धा.