शिवबाईचा अंगठा

चंद्रिका काय करते, हे शिवबाईला कुणाला सांगता येत नसे. कुंभारीला विडी कामगारांच्या वसाहतीत शेजारची केराबाई विचारायची, "तुजी पोरगी कुटं कामाला हाय गं?" शिवबाई म्हणायची, "कंप्युटरवर." केराबाईनं पुढं काही विचारू नये म्हणून ती लगेच विड्यांचं सूप मांडीवर ओढायची.

या खेपेला चंद्रिकाच म्हणाली, "एकदा बघ तरी येऊन."

सात रस्त्याजवळच्या हॉलमध्ये तिच्या प्रयोगासाठी एक टेबल होतं, त्यावर अंगठ्याचं यंत्र. टेबलामागं चंद्रिका तोंडावर पांढरं फडकं बांधून बसली होती. बघायला आलेल्यानं यंत्रावर अंगठा ठेवायचा. हिरवा दिवा लागला की नाव आणि रोजचं काम सांगायचं. मिनिटभर चंद्रिका तो माणूस होऊन रिकाम्या हातांनी ते काम करणार. लाल लागला तर दोरीमागं जाऊन उभं राहायचं. नियम चंद्रिकेचाच. लॅपटॉपवर तिचा कॉलेजातला मित्र गुफरान होता.

रुद्रप्पा किराणावाल्यासाठी तिनं पुड्या बांधल्या. बँकेतल्या एका बाईसाठी शिक्के मारले. लोक हसले, मोबाइल वर धरून शूटिंग करत राहिले. मग शिवबाई पुढं आली.

लाल.

"मावशी, पुसून ठेवा," गुफरान म्हणाला.

तिनं पदराला पुसला. लाल. मग केसांतून फिरवून तेल लावलं, रेशन दुकानात लावते तसं. लाल. चाळीस वर्षं विड्या वळून त्या अंगठ्यावर एक रेघ उरली नव्हती.

हे चंद्रिकेला माहीत होतं. हा सगळा प्रयोग तिला त्या अंगठ्यावरूनच सुचला होता, आणि आईला तिनं आणलं होतं ते या लाल दिव्यासाठीच. हॉल गप्प होईल असं तिनं धरलं होतं. तसा तो झाला. आपल्याला काहीतरी वाटेल असंही धरलं होतं. फडक्याआड काहीच वाटलं नाही. गुफराननं तिच्याकडे पाहिलं. त्यानं एक कळ दाबली असती तर दिवा हिरवा झाला असता. तिनं होकाराची मान हलवली नाही.

पण शिवबाई दोरीमागं गेलीच नाही. तिनं पोरीचा हात ओढला आणि तिचा अंगठा यंत्रावर दाबला. "हिचा घ्या की. रेशनला माज्या जागी हिचाच चालतोय."

हिरवा.

गुफरान चाचरला. "नाव?"

"शिवबाई संगप्पा," शिवबाईनंच सांगितलं.

"काम?"

"हिला इचारा. लहानपनापास्नं बघतीया."

चंद्रिकेचे हात आपोआप चालू लागले. पान, तंबाखू, वळसा, दोरा. पुन्हा पान. टाळ्या पडल्या. शिवबाई टाळ्या न वाजवता तिच्या बोटांकडे बघत होती.

घरी आल्यावर शिवबाईनं चहा केला. वाफाळता स्टीलचा पेला तिनं नेहमीसारखा उघड्या हातानं धरला. भाजल्याचं तिला कळत नसे.

"माजा अंगठा उठत न्हाय, ते तुला ठावं व्हतं न्हवं?"

"व्हय."

"मंग बोलिवलंस कशाला?"

शिवबाईनं चहा संपवला. मग सूप तिच्याकडे सरकवलं.

"पान लई सैल धरतीस. बस हितं."

चंद्रिका बसली.