आबांच्या हलगीचा तुकडा

दोन हजार सालानंतर काही वर्षांनी मी आणि माझ्या मित्रानं त्याच्या कॉम्प्युटरवर कोल्हापुरी बोलीत रॅप केलं. ठेका इथलाच पाहिजे, असा आमचा हट्ट. म्हणून आमच्याच मंगळवार पेठेतल्या आबांना बोलावलं. मंडळाच्या मिरवणुकीत दरवर्षी हलगी वाजवायचे ते हेच. त्यांनी हलगी जाळावर शेकली आणि घामानं भिजेपर्यंत वाजवली. आम्ही ते रेकॉर्ड केलं, त्यातला बोटभर तुकडा कापला, तोच पुन्हा पुन्हा जोडला आणि त्यावर आमचे शब्द म्हटले.

वडिलांनी ऐकलं आणि विचारलं, "गाणं हाय का भांडण?" कॉलेजात तर लोक शब्दांना तोंडावर हसले, ठेका मात्र मागून घेतला. माझं डोकं फिरलं. एवढं जीव तोडून लिहिलेलं कुणाला नको होतं, सगळ्यांना फक्त ठेका पाहिजे होता. मित्रानं शब्द काढून नुसती हलगी वाटली, ती मोबाइलवरून गावभर गेली.

त्या वर्षी गणपतीला मंडळानं हलगीवाले सांगितलेच नाहीत. ट्रॉलीवर स्पीकरची भिंत उभी केली आणि आमचा ठेका लावला. मी कार्यकर्त्यावर खेकसलो, "आबांना का बोलावलं न्हाय?"

"आबाच वाजवत्यात की!" तो हसत म्हणाला.

आबा धुतलेला सदरा घालून रस्त्याच्या कडेला उभे होते. हात रिकामे होते, पण बोटं मांडीवर चालली होती. मी जवळ जाऊन उभा राहिलो. ते स्पीकरकडं बघत म्हणाले,

"गडी झ्याक वाजवतोय रं. दमत न्हाय बघ."