पार्ल्याच्या बंगल्यापायी

मरोळच्या कारखान्यातून फिटर म्हणून रिटायर होऊन गुणाजी परब घरी बसला, तेव्हा रुक्मिणीला मनातून बरं वाटलं होतं. छत्तीस वर्षं हा माणूस शिफ्टच्या मागे पळत होता. आता दुपारी दोघं मिळून जेवू, संध्याकाळी जरा पाय मोकळे करू, असं तिनं धरलं होतं. चारेक महिने झालंही तसं. मग पार्ल्याचा तो बंगला मध्ये आला.

बंगला एका शिक्षिकेचा. मूलबाळ नव्हतं, म्हणून जाताना तिनं तो आजूबाजूच्या लोकांसाठी ठेवला. वाचनालय, गाण्याचा वर्ग, म्हाताऱ्यांना टेकायला जागा. तो पाडून टॉवर बांधायला बिल्डर टपलेले. पण माधुरी नावाच्या बाईनं समिती काढली आणि शंभर वर्षांचं घर होतं तसं दुरुस्त करायला घेतलं. खिडक्यांच्या पितळी खिट्ट्या मात्र बाजारात कुठेच मिळेनात. कुणीतरी गुणाजीचं नाव सुचवलं.

"दोन दिवसांचं काम आहे गो," म्हणून तो गेला, तो सात महिने जातच राहिला.

रुक्मिणीच्या पोटात दुखायला लागलं ते हळूहळू. ताटावर बसलं की "माधुरीताई म्हणाल्या" सुरू. जिना अस्सल सागवानी, कौलं मंगळुरी. स्वतःच्या न्हाणीघराची कडी वर्षभर सुतळीनं बांधलेली, आणि हा तिथे एकेक खिट्टी कानशीनं घासत बसतो!

एकदा ती न सांगता डबा घेऊन पोचली. व्हरांड्यात गुणाजी माधुरीला आपल्या बापाच्या रागीट बैलाची गोष्ट सांगत होता. बैलाची नक्कल करून दाखवत होता, आणि माधुरी डोळे पुसून हसत होती. चाळीस वर्षांच्या संसारात रुक्मिणीनं त्या बैलाचं नाव ऐकलं नव्हतं.

"तू कशाला आलीस एवढ्या उन्हात?" गुणाजीनं विचारलं. डबा कट्ट्यावर ठेवून ती तशीच फिरली.

उद्‌घाटनाला आठ दिवस उरले होते. गुणाजी आंघोळीला गेलेला असताना त्याचा फोन वाजला. माधुरीच होती.

"त्यांना ताप आहे," रुक्मिणी म्हणाली. "डॉक्टरनी महिनाभर बाहेर पडू नका म्हणून सांगितलंय."

आणि गुणाजीला तिनं सांगितलं, "दुसरा माणूस मिळाला म्हणे त्यांना. तुम्ही येऊ नका."

तो दोन दिवस खिडकीशी बसून राहिला. ताटातला भात चिवडायचा आणि उठायचा. नवरा घरात हवा होता, तो घरातच होता. पण रुक्मिणीला त्याच्याकडे बघवेना.

तिसऱ्या दिवशी माधुरी सफरचंदं घेऊन दारात उभी. "परबकाका, ताप उतरला का?"

"कसला ताप?" म्हणत गुणाजीनं रुक्मिणीकडे बघितलं. तिची मान खाली. तो म्हणाला, "हां, तो होय! उतरला. उद्या येतो."

माधुरी गेल्यावर त्यानं विचारलं, "असं का केलंस गो?"

"तिथे हसता. इथे कधी हसलात?"

गुणाजी खुर्चीवर टेकला. "छत्तीस वर्षं पार्ट बनवले. कुठे बसले, कुणी वापरले, कधी बघितलं नाही. तिथे मी खिट्टी लावतो आणि माझ्यासमोर कुणीतरी ती खिडकी उघडतं. म्हणून बरं वाटतं."

"मग हे मला सांगायचं होतंत."

"तू विचारलंस कधी?"

रुक्मिणी सफरचंदं उचलून आत गेली.

उद्‌घाटनाला ती गेली, जरीची साडी नेसून पहिल्या रांगेत बसली. गुणाजीचं नाव पुकारलं तेव्हा लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. तिचेही डोळे भरले. पण शाल घालताना माधुरीनं त्याच्या खांद्यावर दोनदा थोपटलं, तेही तिनं बरोबर टिपलं.

आता दर बुधवारी ती त्याच्यासोबत बंगल्यावर जाते. वाचनालयात पेपर उघडून बसते, कान मात्र व्हरांड्याकडे. माधुरी जरा मोठ्यानं हसली, की पेपर बाजूला ठेवून बाहेर येते आणि खुर्ची ओढून दोघांच्या मध्ये बसते. "काय झालं? मलापण सांगा," म्हणते. गुणाजीला मग पहिल्यापासून सगळं परत सांगावं लागतं.