ओट्यावरची लाँच

मी पदवीधर झालो तो राजवाड्यामुळे. आमच्या घरात माझ्याआधी कोणी दहावीपुढे गेले नव्हते. चंद्रपूरला कॉलेजात असताना राजेसाहेबांच्या तिथल्या बंगल्यातली एक खोली मला तीन वर्षे राहायला होती. निकालानंतर त्यांनी बोलावून लाँचचा इतिहास लिहायला सांगितला, तेव्हा मला भरून आले.

ती सागवानी मोटार लाँच त्यांच्या आजोबांनी कलकत्त्याहून मागवली होती. सुटे भाग रेल्वेने नागभीडला आले, तिथून बैलगाड्यांनी वैनगंगेच्या काठी. थोरल्या राणीसाहेब लग्न होऊन आल्या त्या याच लाँचमधून, आणि पुराच्या दिवसांत अडलेल्या बायांना पलीकडच्या दवाखान्यात नेले तेही हिनेच. हे सगळे मला मिस्त्रीचाचांनी सांगितले. आधी त्यांचे वडील आणि मग ते, तिची डागडुजी करत आले होते.

"कलकत्त्याचं आता नावच राह्यलं," चाचा हसले. "फळी न् फळी बापानं नाईतर मी बदलवली."

होळीनंतर नदी उतरू लागली की चाचा इंजिन काढून घेत आणि लाँचमध्ये दगड भरून ती डोहात बुडवून ठेवत. उन्हात लाकूड आकसते, फळ्यांच्या सांधी उघडतात. पाण्याखाली ते फुगलेले राहते. राजेसाहेबांचा उन्हाळा नागपूरला जाई. त्यांना यातले काही ठाऊक नव्हते.

त्या वर्षी त्यांनी लाँच वाड्यासमोर, ओट्यावर, पत्र्याखाली मांडायचे ठरवले. गुढीपाडव्याला उद्‌घाटन होते, शेजारी फ्रेममध्ये माझा मजकूर लागणार होता. चाचा माझ्या घरी आले.

"बाबू, तू लिहून राह्यला ना? मंग एक ओळ टाक. उन्हाळ्यात हिले पाण्याबाहेर ठेवू नये म्हणून."

"तुम्हीच सांगा ना चाचा."

"दिवाणजीले सांगतलं. म्हणे, बुडवलेली लाँच पाहाले कोण येईन, मासे? मी अंगठाछाप. तू बी.ए. झाला, तुह्यं ऐकतीन."

मी हो म्हणालो. पण इतिहासात ही ओळ बरी दिसत नव्हती, म्हणून तोंडी सांगू असे ठरवले. पाडव्याला राजेसाहेबांनी माझ्या पाठीवर हात ठेवला आणि 'हा आमच्या गावचा मुलगा' असे पाहुण्यांना सांगितले. चाचांची गोष्ट मी काढलीच नाही.

चैत्राच्या उन्हात चाचा रोज ओली पोती आणून लाँचवर पसरू लागले. उद्‌घाटनासाठी केलेल्या नव्या पॉलिशवर पांढरे डाग पडले. दिवाणजींनी मला पाठवले.

"चाचा, बस करा आता. पॉलिश जाऊन राह्यलं."

हातातले पोते तसेच धरून त्यांनी विचारले, "हे तू म्हणतं का दिवाणजी म्हणते?"

"मीच म्हणतो."

असे मी का म्हणालो, हे मला आजही सांगता येत नाही. चाचांनी पोती गोळा केली. "ठीक आहे. शिकला-सवरला माणूस सांगते."

वैशाखात फळ्यांमध्ये बोट जाईल एवढ्या फटी पडल्या. तळाची एक फळी उभी चिरली. राजेसाहेब नागपूरहून आले आणि बराच वेळ लाँचभोवती फिरत राहिले. मग म्हणाले, "असं होणार, हे कोणालाच माहीत नव्हतं?"

दिवाणजी पत्र्याकडे पाहत होते. मी खाली मान घातली.

"मायी चूक झाली सरकार," चाचा म्हणाले. "सांधी बराबर नाई भरल्या."

राजेसाहेब वाड्यात निघून गेले. दिवाणजींनी तिथल्या तिथे चाचांना उद्यापासून येऊ नका म्हणून सांगितले.

फाटकाबाहेर मी त्यांना गाठले. "चाचा, तुम्ही काऊन अंगावर घेतलं?"

"तुह्यासाठी नाई घेतलं," ते म्हणाले. "लाँच तं गेलीच. आपण दोघांनीबी काऊन मराव?" आणि सायकल हातात धरून चालू लागले.

महिनाभरात राजेसाहेबांच्या शब्दावर मला शाळेत नोकरी लागली. पेढे घेऊन मी चाचांकडे गेलो. त्यांच्या सुनेने दारातच पुडा घेतला आणि चाचा घरी नाहीत म्हणाली. आत लाकडावर रंधा चालल्याचा आवाज येत होता. मी थोडा वेळ उभा राहिलो. आवाज थांबला नाही.